मॉर्सनें पाहिलेलें टोकियो

इ. स. १८७७ च्या जून महिन्यांत योकोहामा बंदरांत एक अमेरिकन प्राणिशास्त्रज्ञ उतरला. त्याचें नांव एडवर्ड सिल्व्हेस्टर मॉर्स. वय एकोणचाळीस वर्षांचें. जपान देश पाहावा, तेथील लोकांच्या चालीरीति न्याहाळाव्या, असा त्याचा मुळींच हेतु नव्हता. शिंपल्यासारखें कवच असलेला 'ब्रॅकिओपॉड' नांवाचा एक लहानसा सागरी जीव आहे. त्याच्या अनेक जाति जपानच्या किनाऱ्यावर सांपडतात, असें त्याच्या कानांवर आलें होतें. एक उन्हाळा समुद्रकांठीं घालवावा, हे जीव गोळा करावे आणि स्वदेशीं परतावें, एवढाच त्याचा बेत होता. परंतु मनुष्य शोधावयास निघतो एक, आणि त्याच्या हातीं लागतें दुसरेंच. चाळीस वर्षांनंतर, इ. स. १९१७ मध्यें, याच मॉर्सनें 'जपान डे बाय डे' या नांवाचा दोन खंडांचा ग्रंथ प्रसिद्ध केला. आज त्या ग्रंथांत ब्रॅकिओपॉडची माहिती शोधावयास कोणी जात नाहीं. टोकियो शहर आपला जुना वेष उतरवून नवा वेष अंगावर चढवीत होतें, त्या घटकेचें तें शहर डोळ्यांपुढें आणावयाचें असेल, तर मात्र या ग्रंथाकडे वळल्यावांचून गत्यंतर नसतें.

हें शहर तेव्हां कोणत्या अवस्थेंत होतें, तें प्रथम ध्यानांत घेतलें पाहिजे. अडीचशें वर्षांहून अधिक काळ तोकुगावा घराण्यांतील शोगुन, म्हणजे राज्याचे खरे सूत्रधार, येथें राहत असत, आणि शहराचें नांव येडो असें होतें. बादशहा दूर क्योतोच्या राजवाड्यांत नांवाचा धनी म्हणून बसे. अठराव्या शतकांत येडोची वस्ती दहा लाखांच्या घरांत गेली होती. पृथ्वीवरील अत्यंत मोठ्या शहरांत त्याची गणना होई. इ. स. १८६८ मध्यें शोगुनांची सत्ता संपली, राज्यसूत्रें बादशहाच्या नांवानें चालूं लागलीं, आणि येडोचें नांव बदलून 'टोकियो', म्हणजे पूर्वेकडील राजधानी, असें ठेवण्यांत आलें. नांवापाठोपाठ रूपहि पालटूं लागलें. १८७२ मध्यें शिंबाशी ते योकोहामा ही अठरा मैलांची आगगाडी सुरू झाली. त्याच वर्षीं गिंझा ही पेठ आगींत भस्मसात झाली, तेव्हां सरकारनें तेथें लांकडाऐवजीं विटांचीं घरें उभारण्याचें काम हातीं घेतलें. १८७४ मध्यें त्या रस्त्यावर गॅसचे दिवे लागले. १८७६ मध्यें सामुराईंच्या कमरेची तरवार कायद्यानें उतरविली गेली. आणि मॉर्स आला त्या वर्षीं दक्षिणेंत सैगो ताकामोरीच्या नेतृत्वाखालीं सात्सुमाच्या सामुराईंचें बंड चालूं होतें, तर इकडे टोकियोंत उएनोच्या बागेंत औद्योगिक प्रदर्शन भरलें होतें. एकीकडे जुनें जग आपली शेवटची झुंज देत होतें, दुसरीकडे नवें जग आपला माल मांडून बसलें होतें.

योकोहामाहून टोकियोला जाणाऱ्या आगगाडींत मॉर्स बसला. ओमोरी स्टेशन मागें पडलें, आणि रुळांच्या कडेला मातीच्या कापलेल्या उतारांत त्याला शिंपल्यांचा पांढुरका थर दिसला. आगगाडी सुरू होऊन पांच वर्षें लोटलीं होतीं. रोज कितीतरी उतारूंच्या डोळ्यांपुढून तो थर सरकत असे. परंतु पाहणें निराळें आणि ओळखणें निराळें. अमेरिकेंतील मेन प्रांताच्या किनाऱ्यावर असले ढीग मॉर्सनें पूर्वीं अभ्यासिले होते. प्राचीन माणसांनीं आंतील मांस खाऊन टाकून दिलेल्या कवचांचा हा उकिरडा आहे, हें त्यानें चालत्या गाडींतूनच ताडलें. थोड्याच महिन्यांत विद्यार्थ्यांना बरोबर घेऊन त्यानें तो ढीग खणून पाहिला. आंत सांपडलेल्या मातीच्या भांड्यांवर दोरीच्या वळाचे ठसे उमटलेले होते. ज्या अतिप्राचीन संस्कृतीला पुढें 'जोमोन', म्हणजे दोरीच्या ठशांची, असें नांव मिळालें, तिची शास्त्रीय ओळख या भांड्यांपासून झाली, आणि जपानांतील शास्त्रशुद्ध उत्खननाचा आरंभहि या ओमोरीच्या ढिगापासूनच मानला जातो.

समुद्रकांठीं एक लहानशी प्रयोगशाळा थाटण्याची परवानगी मागावयास तो गेला होता. त्याला विद्यापीठानें प्राणिशास्त्राची अध्यापकीच देऊं केली. टोकियोचें विद्यापीठ त्याच वर्षीं एप्रिलमध्यें स्थापन झालें होतें. तेथें त्या शरदृतूंत त्यानें डार्विनच्या उत्क्रांतिवादावर जाहीर व्याख्यानें दिलीं. अशा रीतीनें एका उन्हाळ्याची सहल म्हणून आरंभलेला प्रवास तीन खेपांपर्यंत लांबला. पहिली खेप १८७७ मधील, दुसरी १८७८ ते १८७९ पर्यंतची आणि तिसरी १८८२ ते १८८३ पर्यंतची. या तीन खेपांत त्यानें जी रोजनिशी ठेविली, तिचीं पानें सुमारें साडेतीन हजार भरलीं.

त्या काळीं टोकियोंत परकी माणसें थोडीं नव्हतीं. सरकारनें इंजिनियर, डॉक्टर, कायदेपंडित, अध्यापक असे अनेक पाश्चात्य लोक मोठ्या पगारावर आणविले होते. त्यांपैकीं एर्विन बेल्झ हा जर्मन डॉक्टर मॉर्सच्या आदल्याच वर्षीं आला. त्यानें आपल्या रोजनिशींत एक चमत्कारिक अनुभव नोंदविला आहे. सुशिक्षित जपानी लोकांपाशीं त्यांच्या भूतकाळाची गोष्ट काढली, म्हणजे त्यांना संकोच वाटे. एकानें तर स्पष्टच सांगितलें कीं, आम्हांला इतिहास म्हणून नाहींच. आमच्या इतिहासाला आतां कोठें सुरुवात होत आहे. हें ऐकून आज आश्चर्य वाटेल. परंतु या उद्गारामागें एक व्यथा होती. १८५८ मध्यें पाश्चात्य राष्ट्रांनीं जपानच्या गळ्यांत विषम तहांचें जोखड अडकविलें होतें. तें काढून टाकावयाचें, तर आम्ही तुमच्याइतकेच सुधारलेले आहों, हें त्यांना पटवून देणें प्राप्त होतें. आणि त्यासाठीं जुनें तें सारें लपविण्याजोगें आहे, अशी भावना सुशिक्षितांत बळावली होती. जें लपवावयाचें, तें लिहून कोण ठेवणार? शिवाय, जें रोज दिसतें, त्याची नोंद करावी असें कोणालाच सुचत नाहीं. विहिरीचा रहाट कसा असतो, झाडू कोणत्या गवताचा बांधतात, कुंपणाचे बांबू कोणत्या गांठीनें आवळतात, हें घरच्या माणसाला ठाऊकच असतें. आणि ठाऊक असलेली गोष्ट लिहून ठेवण्यापूर्वींच नाहींशी होते.

मॉर्सनें नेमकें हेंच लिहून ठेविलें. त्याच्या पूर्वायुष्याकडे पाहिलें, तर हें कसें घडलें याचा उलगडा होतो. शाळेंत त्याचें कधीं पटलें नाहीं. त्याचा वारंवार शाळेशीं बेबनाव होई. तरुणपणीं आगगाडीचीं इंजिनें बनविणाऱ्या एका कारखान्यांत तो नकाशे काढण्याचें काम करी, आणि फावल्या वेळांत गोगलगाई व शिंपले गोळा करी. त्या संग्रहाच्या बळावरच त्याला लुई अगासीझ या प्रख्यात निसर्गशास्त्रज्ञाच्या हाताखालीं हार्व्हर्ड येथें जागा मिळाली. दोन्ही हातांत खडू घेऊन तो फळ्यावर एकाच वेळीं दोन्ही हातांनीं चित्र काढी, आणि हें पाहून श्रोते थक्क होत. दोन शिंपल्यांमधील सूक्ष्म भेद ओळखावयाचा, तो रेषेंत पकडावयाचा आणि क्षुल्लक म्हणून कोणताहि नमुना टाकून द्यावयाचा नाहीं, ही शिस्त त्याच्या अंगीं बाणली होती. टोकियोच्या रस्त्यांत उतरल्यावर ती शिस्त तशीच चालूं राहिली. नमुने मात्र बदलले.

त्याच्या पानांतून प्रथम कानीं पडतो तो लांकडी खडावांचा आवाज. शेंकडों माणसें रस्त्यानें आणि पुलावरून जात असत, आणि त्यांच्या पायांतील खडावांचा एक विलक्षण खळखळाट सतत होत असे. मग दिसतात ते सुतार. आपल्याकडे ओढून करवत चालविणारे आणि रंधाहि आपल्याकडेच ओढणारे सुतार पाहून मॉर्सला वाटलें कीं, येथें सारेंच उलटें आहे. पण त्या उलट्या रंध्यानें निघालेलें लांकूड किती गुळगुळीत असतें, हेंहि त्यानें तितक्याच तत्परतेनें नोंदविलें. पाठीशीं तान्हें मूल बांधून खेळणारीं मुलें, माणसानें ओढावयाच्या रिक्षा, रात्रीं शीळ वाजवीत फिरणारे अंध अंगमर्दक, दुकानांवरील पाट्या, छपरांच्या कौलांची मांडणी, या सर्वांना त्या रोजनिशींत सारखीच जागा आहे. घरांविषयींची त्याची टिपणें इतकीं वाढलीं कीं, १८८६ मध्यें जपानी घरें व त्यांचा परिसर या विषयावर त्यानें एक स्वतंत्र सचित्र पुस्तकच प्रसिद्ध केलें. त्यांत राजवाडे थोडे आणि सामान्य माणसाचीं घरें पुष्कळ आहेत.

पाहतांना तो चुकत नसे, असें नाहीं. परंतु चूक कळली म्हणजे ती तो मोकळेपणानें मान्य करी. टोकियोंतील आगींची गोष्ट घ्यावी. आगी हीं येडोचीं फुलें आहेत, अशी तेथील लोकांची जुनी म्हण होती. इतक्या त्या वारंवार लागत. घंटा वाजली कीं, मॉर्स आग पाहावयास धांवे. बंब म्हणजे हातानें दाबावयाचा एक लांकडी पंप आणि त्यांतून उडणारी पाण्याची बारीकशी धार. जळत्या घराच्या शेजारील छपराच्या आढ्यावर आपल्या टोळीचें निशाण उंच धरून एक इसम उभा राही, आणि आंच अंगाला लागली तरी जागा सोडीत नसे. कोणाहि परक्याला हा प्रकार हास्यास्पदच वाटावा. पण बारकाईनें पाहिल्यावर मॉर्सच्या ध्यानांत आलें कीं, ती बारीक धार मुख्यतः आगीवर सोडण्यासाठीं नव्हतीच. ती आगीजवळ काम करणाऱ्या माणसांचे अंगावरील कपडे भिजत ठेवण्यासाठीं होती. आग विझविण्याची खरी रीत म्हणजे वाटेंतील घरें भराभर उतरवून तिला पुढें जागाच न ठेवणें. आणि तीं घरें भराभर उतरवितां यावींत अशाच हलक्या बांधणीचीं होतीं. मौल्यवान वस्तूंसाठीं जाड मातीच्या भिंतींचीं कोठारें वेगळीं असत, आणि आग जवळ आली म्हणजे त्यांच्या दारां-खिडक्यांच्या फटी ओल्या मातीनें लिंपून टाकीत. जें वेडेपण वाटलें होतें, तें शतकांच्या अनुभवानें ठरलेलें शहाणपण होतें. परक्या शहराविषयीं लिहिणारे पुष्कळ असतात; परंतु आपलें पहिलें हसूं मागें घेणारे थोडेच.

दुसरी गोष्ट शहराच्या स्वच्छतेची. टोकियोंतील मैला गटारांतून नदींत सोडला जात नसे. शेतकरी तो विकत घेऊन शेतावर नेत आणि खत म्हणून वापरीत. ज्या वस्तूचा पाश्चात्य शहरांना उपद्रव होत होता, तिलाच येथें किंमत होती. मॉर्सनें या व्यवस्थेची मनापासून वाखाणणी केली, आणि पुढें पूर्वेकडील देशांतील शौचकूपांवर एक स्वतंत्र निबंधहि लिहिला. विद्वान प्राध्यापकानें असल्या विषयावर लेखणी चालवावी, हें तेव्हांच्या कित्येकांना खचितच रुचलें नसेल. पण शहर खरोखर कसें जगतें, हें सांगावयाचें तर ही गोष्ट टाळून चालत नाहीं.

आणि तिसरी गोष्ट ऱ्योगोकु पुलाजवळील उत्सवाची. उन्हाळ्यांत सुमिदा नदीवर नौकाविहाराचा हंगाम सुरू होई, त्या रात्रीं तेथें दारूकाम होत असे. कंदील लावलेल्या नांवांनीं नदी इतकी भरून जाई कीं, एका नांवेची कड दुसरीला घांसल्याशिवाय हालचाल होत नसे. वर आकाशांत दारूकामाचीं फुलें, खालीं पाण्यांत हजारों कंदिलांचीं प्रतिबिंबें. पण मॉर्सला जें विशेष वाटलें, तें दारूकाम नव्हे. एवढ्या दाटींत नांवा एकमेकींवर आदळत असतांना त्याच्या कानीं शिवी आली नाहीं, भांडण आलें नाहीं; नावाडी एकमेकांना 'क्षमा करा' आणि 'आभारी आहें' एवढेंच म्हणत होते. आपल्या टेबलावर सुटे पैसे उघडे पडलेले असत, घरांत नोकरांची आणि मुलांची सदा ये-जा असे, तरी कधीं एक नाणें हललें नाहीं, हेंहि त्यानें असेंच कौतुकानें लिहिलें आहे.

येथें वाचकानें क्षणभर थांबलें पाहिजे. हें सारें खरें असलें, तरी तें पुरतें खरें आहे काय? मॉर्सच्या लिहिण्यांत टोकियोच्या प्रत्येक गुणाशेजारीं अमेरिकेचा एक दोष उभा केलेला असतो. स्वदेशीयांना आरसा दाखविण्याची त्याला हौस होती, आणि ज्याला आरसा हवा असतो, तो त्यावरील डाग पुसून टाकतो. तो मोठ्या पगाराचा पाहुणा होता. ज्या अरुंद बोळांत रिक्षा ओढणारे मजूर राहत, तेथील दुःखें त्याला कोण सांगणार? त्यानें स्वच्छतेची एवढी स्तुति केली. परंतु त्याचा मुक्काम असतांनाच, १८७९ मध्यें, कॉलऱ्याच्या सांथींत जपानांत एक लाखाहून अधिक माणसें मरण पावलीं. जपानी मातीच्या भांड्यांची पारख त्याला ज्यानें शिकविली, तो निनागावा नोरितानेदेखील १८८२ मध्यें कॉलऱ्यानेंच गेला. परक्याच्या डोळ्याला घरच्या माणसाला न दिसणारें दिसतें, हें खरें. पण घरच्या माणसाला जें सोसावें लागतें, तें त्याला दिसतेंच असें नाहीं.

शिवाय, शहरांतील सर्वच माणसें डोळे मिटून बसलीं होतीं, असेंहि नव्हे. मॉर्स वह्या भरीत होता, त्याच वर्षांत कोबायाशी कियोचिका नांवाचा एक चित्रकार टोकियोचीं दृश्यें लांकडी ठशांवर छापीत होता. तो शोगुनांच्या चाकरींतील घराण्यांतला. ज्या राज्याचें मीठ खाल्लें, तें डोळ्यांदेखत बुडालेलें. १८७६ पासून १८८१ पर्यंत त्यानें गॅसच्या दिव्यांखालील ओले रस्ते, रात्रीं धूर सोडीत जाणारी आगगाडी, सुमिदाकांठचा अंधार, अशीं चित्रें काढलीं. १८८१ च्या जानेवारींत ऱ्योगोकुच्या बाजूला मोठी आग लागली, तेव्हां तो वही घेऊन ती रेखाटावयास धांवला. तिकडे तो आग रेखाटीत असतां इकडे त्याचें स्वतःचें घर जळून गेलें. मॉर्सच्या चित्रांत कुतूहल आहे, कियोचिकाच्या चित्रांत हुरहूर आहे. एकानें शहराचीं हत्यारें, भांडीं आणि घरें नोंदविलीं. दुसऱ्यानें त्या शहरावर पडलेली संध्याकाळ नोंदविली. टोकियोचें चित्र दोघांवांचून पुरें होत नाहीं.

मॉर्स नुसता लिहून थांबला नाहीं. त्यानें वस्तूहि जमविल्या. तिसऱ्या खेपेला विल्यम स्टर्जिस बिगेलो हा बोस्टनचा डॉक्टर त्याच्याबरोबर होता, आणि मॉर्सच्याच खटपटीनें टोकियोच्या विद्यापीठांत आलेला अर्नेस्ट फेनोलोसा हाहि त्यांना मिळाला. जुन्या सरदारांचे वाडे मोडत होते, पिढीजात वस्तु बाजारांत येत होत्या, आणि या मंडळींनीं त्या भराभर विकत घेतल्या. मॉर्सचा सुमारें पांच हजार मातीच्या भांड्यांचा संग्रह १८९२ मध्यें बोस्टनच्या कलासंग्रहालयानें घेतला. देशाचें कलाधन अशा रीतीनें बाहेर जाऊं लागलें, तेव्हां जपान सरकार जागें झालें, आणि १८९७ मध्यें प्राचीन देवळें व मठ यांतील ठेव्यांच्या रक्षणाचा कायदा करण्यांत आला. मॉर्सच्या प्रेमाची ही दुसरी बाजू नजरेआड करून चालणार नाहीं. मात्र एक भेद ध्यानांत ठेवण्याजोगा आहे. भांड्यांबरोबरच त्यानें ज्या वस्तु सेलम गांवच्या संग्रहालयासाठीं नेल्या, त्यांत खडावा होत्या, दुकानांच्या पाट्या होत्या, सुतारांचीं हत्यारें होतीं, बरणींत भरलेली मिठाईसुद्धां होती. या वस्तूंसाठीं लिलावांत बोली करणारा दुसरा कोणीहि नव्हता. त्या टोकियोंत राहिल्या असत्या, तर वापरून झिजल्या असत्या आणि केरांत गेल्या असत्या.

स्वदेशीं परतल्यावर मॉर्स पुन्हां आपल्या ब्रॅकिओपॉडकडे वळला. रोजनिशीच्या वह्या तीस वर्षें तशाच पडून राहिल्या. अखेर बिगेलोनें त्याला एक खरमरीत पत्र लिहिलें. त्याचा मतितार्थ असा होता कीं, तुम्ही समुद्रांतील किडे सोडा. चाळीस वर्षांपूर्वीं आपण दोघांनीं जीं माणसें आणि जी राहणी पाहिली, ती नामशेष होत चालली आहे. ती जिवंत पाहिलेले आपण अखेरचे साक्षी आहों. आणि पुढच्या पिढीला ते जपानी लोक दगडांत गाडलेल्या प्राचीन जीवांसारखे केवळ अवशेष वाटतील. प्राणिशास्त्रज्ञाला पटवावयाचें, तर प्राणिशास्त्राचीच भाषा वापरावी लागते. मॉर्सला हें पटलें. वयाच्या एकोणऐंशीव्या वर्षीं त्यानें तो ग्रंथ छापून काढला, आणि त्यांत रोजनिशींतील रेखाटनांवरून काढलेलीं सातशें सत्याहत्तर चित्रें घातलीं.

या ग्रंथाचें बळ कोठें आहे? म्हाताऱ्या माणसाच्या आठवणींत कालांतरानें गोडी चढते. ज्या गल्लींत चिखल होता, तेथें चांदणें पडतें. मॉर्सनें मात्र रोजनिशीचाच धागा धरला. १८७७ मध्यें जें ज्या दिवशीं जसें दिसलें, तें बव्हंशीं तसेंच ठेविलें. म्हणून त्यांत पहिल्या दिवसाचें अज्ञान आहे, दहाव्या दिवसाची घाई आहे आणि पुढें आलेली समजहि आहे. तोंपर्यंत खुद्द टोकियो किती पुढें गेलें होतें! १८८२ मध्यें गिंझाच्या रस्त्यावर विजेचा दिवा लागला. १९०३ मध्यें विजेच्या ट्राम धांवूं लागल्या. १९१४ मध्यें लाल विटांचें भव्य टोकियो स्टेशन उघडलें. ज्या तरुणांनीं आमच्या इतिहासाला आतां सुरुवात होत आहे असें म्हटलें, ते आतां वृद्ध झाले होते, आणि त्यांच्या नातवंडांना आजोबांच्या घरांतील वस्तूंचीं नांवेंहि ठाऊक नव्हतीं.

नंतर तो दिवस आला. १९२३ च्या सप्टेंबरची पहिली तारीख. दुपारचे बारा वाजावयास दोन मिनिटें होतीं. घरोघर चुली पेटलेल्या होत्या. भूकंपाचा प्रचंड धक्का बसला आणि शहर चहूंकडून पेटलें. ऱ्योगोकु पुलापासून जवळच, होन्जो भागांत, लष्करी कपड्यांच्या जुन्या कोठाराचें मोकळें मैदान होतें. तेथें आश्रयाला गेलेल्या माणसांपैकीं सुमारें अडतीस हजार माणसें एका अग्निवादळांत जळून मेलीं. भूकंपांत आणि आगींत मिळून एक लाखाहून अधिक जीव गेले. ज्या नदीवर मॉर्सनें कंदिलांची आरास पाहिली, तीच ही नदी. विद्यापीठाचें ग्रंथालयहि त्या आगींत भस्म झालें, आणि लाखों ग्रंथांची राख झाली.

ही वार्ता सेलम येथें पोंचली, तेव्हां मॉर्स पंचाऐंशी वर्षांचा होता. त्यानें आपलें मृत्युपत्र बदललें. आपल्या पश्चात् आपला संपूर्ण ग्रंथसंग्रह टोकियोच्या विद्यापीठाला द्यावा, असें त्यानें त्यांत लिहिलें. १९२५ च्या डिसेंबरांत तो वारला, आणि सुमारें बारा हजार पुस्तकें महासागर ओलांडून त्या शहराकडे गेलीं. एकदां त्या शहरानें शिंपले शोधावयास आलेल्या परक्याला अध्यापक केलें होतें. त्या उपकाराची ही फेड. नेलेलें सर्व परत आलें, असें म्हणतां येणार नाहीं. पण जेव्हां गरज होती, तेव्हां आपल्यापाशीं होतें तें त्यानें दिलें.

टोकियोचें दुर्दैव तेवढ्यावर संपलें नाहीं. १९४५ च्या मार्च महिन्यांत, नऊ तारखेच्या रात्रीपासून दहा तारखेच्या पहाटेपर्यंत, अमेरिकन विमानांनीं सुमिदेच्या दोन्ही कांठांवर आगीचा पाऊस पाडला, आणि एका रात्रींत सुमारें एक लाख माणसें मेलीं. बावीस वर्षांत दोनदां जळालेल्या त्या वस्तींत मॉर्सच्या काळचें घर कोठून उरणार? सुतारांनीं हलक्या हातानें उभारलेलीं तीं घरें आतां कागदावर तेवढीं राहिलीं.

आणि कागदावर राहिलेल्या गोष्टीचें महत्त्व केवढें, हें मॉर्सच्याच एका उणिवेवरून कळतें. ओमोरीच्या ढिगाचा सविस्तर अहवाल त्यानें १८७९ मध्यें छापला. एकेका भांड्याचें चित्र काढलें. पण ढीग नेमका कोणत्या जागीं होता, तें निश्चित सांगावयाचें राहून गेलें. त्याच्या मृत्यूनंतर १९२९ मध्यें शिनागावाच्या हद्दींत एक स्मारक उभें राहिलें, आणि १९३० मध्यें ओमोरीच्या बाजूला दुसरें. दोहोंत अंतर सुमारें तीनशें मीटरांचें. पुष्कळ वर्षें हा वाद चालला. पुढें जमिनीच्या मालकाला दिलेल्या नुकसानभरपाईचे जुने कागद हातीं आले, तेव्हां शिनागावाची जागा खरी ठरली. जन्मभर बारीकसारीक टिपण्यांत गेलेल्या माणसाकडून एक ओळ सुटली, आणि पन्नास वर्षांत ती जागा कोणालाच सांगतां येईनाशी झाली. मग ज्यांच्याविषयीं कोणीं एकहि ओळ लिहिली नाहीं, त्या गल्ल्या, ते धंदे, ते आवाज किती गेले असतील!

२०१३ मध्यें ऱ्योगोकु येथील येडो-टोकियो संग्रहालयांत एक प्रदर्शन भरलें. सेलम आणि बोस्टन येथून मॉर्सनें जमविलेल्या वस्तु त्यासाठीं कांहीं काळ परत आणल्या होत्या. पाट्या होत्या, हत्यारें होतीं, लहान मुलांच्या खडावा होत्या, आणि बरणींतील ती मिठाईहि होती. दारूकामाच्या रात्रीं नांवांची दाटी झाली होती ती नदी, आणि १९२३ मध्यें माणसें जळालीं तें मैदान, दोन्हीहि तेथून हांकेच्या अंतरावर आहेत. कधीं काळीं ज्यांच्या पूर्वजांना या वस्तूंची लाज वाटली होती, त्यांचे वंशज त्या कांचेपलीकडील लहानशा खडावांपुढें वांकून पाहत उभे होते. त्या खडावा आतां वाजत नाहींत. पण एका परक्या माणसानें एके काळीं त्यांचा आवाज लक्षपूर्वक ऐकला आणि त्याच रात्रीं तो लिहून ठेविला, म्हणून शहराच्या स्मृतींत तो उरला आहे.